शांघायची 'देवी' : १९३४ च्या मूकपटाबद्दल वारंवार विचारले जाणारे प्रश्न

आम्ही काही मित्रमैत्रिणी अधूनमधून मूकपटांचे घरगुती खेळ लावतो. एक पांढरा पडदा, भाड्याचा प्रोजेक्टर, वीसेक खुर्च्या आणि मध्यंतरात चहा, एवढाच थाट. आजवर लावलेल्या सिनेमांत सगळ्यात जास्त प्रश्न आले ते 'द गॉडेस' या चिनी मूकपटावर. चहाच्या वेळी विचारलेले, रात्री उशिरा व्हॉट्सअ‍ॅपवर आलेले, तिसऱ्यांदा येऊनही तेच विचारणारे, असे सगळे प्रश्न इथे एकत्र केले आहेत. शेवट कळायला नको असेल तर प्रश्न १०, ११, १२ आणि १६ सिनेमा पाहून झाल्यावर वाचा.

१. हा सिनेमा नेमका कुठला, कुणाचा?

१९३४ सालचा, शांघायमध्ये तयार झालेला. निर्मिती ल्यान्हुआ या कंपनीची, लेखन-दिग्दर्शन वू योंगगांग यांचं. वू तोवर कलादिग्दर्शनाचं काम करत होते, दिग्दर्शक म्हणून त्यांचा हा पहिलाच सिनेमा. तेव्हा ते सत्तावीस वर्षांचे होते. छायालेखक होंग वैलिए. मुख्य भूमिकेत रुआन लिंगयू, खलनायक जुगाऱ्याच्या भूमिकेत झांग झिझी, मुख्याध्यापकाच्या भूमिकेत ली जुनपान आणि मुलाच्या भूमिकेत ली कंग नावाचा लहानगा. चिनी मूकपटांतला सर्वांत चांगला कुठला, असं कुणी विचारलं तर बहुतेक जाणकार याचंच नाव घेतात. मीही घेईन.

२. शेवट न सांगता गोष्ट सांगाल का?

शांघायमध्ये एक बाई एकटीने तान्ह्या मुलाला वाढवते आहे. रात्री ती रस्त्यावर उभी राहून धंदा करते, पहाटे दमून जिना चढते आणि रडणाऱ्या पोराला उचलून घेते. एका रात्री पोलिसांची धाड पडते. पळताना ती एका जुगाऱ्याच्या खोलीत शिरते. तो तिला लपवतो आणि त्या उपकारापोटी तिच्यावर मालकी सांगायला लागतो. तिच्या कमाईवर जगतो, तिने घर बदललं तर हुडकून काढतो. ती त्याच्या नकळत भिंतीतल्या एका विटेमागे पैसे साठवते, मुलाच्या शिक्षणासाठी. मुलगा शाळेत जायला लागतो. पुढे शाळेतल्या इतर पालकांना ती कोण आहे ते कळतं.

३. बाई धंदा करणारी आणि नाव 'देवी'? उपरोध आहे का?

आहे, पण तो दिग्दर्शकाने घातलेला नाही, चिनी भाषेतच आहे. मूळ नाव 'शन-न्यू'. त्याचा सरळ अर्थ देवी किंवा अप्सरा, आणि बोलीत आडून घेतलेला अर्थ रस्त्यावरची वेश्या. दोन्ही अर्थ एकाच शब्दात बसलेले असल्यामुळे चिनी प्रेक्षकाला शीर्षक वाचताक्षणी काटा टोचतो. इंग्रजीत आणि मराठीत तो काटा बोथट होतो.

आपल्याकडे याच्या जवळ जाणारा शब्द शोधायचा तर 'देवदासी' आणि गोवा-कोकणातला 'भावीण' आठवतात. देवाचं नाव, भक्तीचा भाव, आणि समाजाने त्या बाईला दिलेली जागा मात्र वेगळीच. अर्थात आपल्याकडे त्यामागे देवळाशी जोडलेली प्रथा होती, चिनी शब्दात तसं काही नाही. तो नुसता सभ्य माणसांनी शोधलेला आडपडदा आहे. म्हणून खेळाच्या आधी मी एवढंच सांगतो की हा देवाधर्माचा सिनेमा नाही. एकदा दोन आजी खास त्यासाठी आल्या होत्या. त्या शेवटपर्यंत बसल्या, हे आवर्जून सांगायला हवं.

४. १९३४ म्हणजे आपल्याकडे बोलपट येऊन तीन वर्षं झाली होती. मग हा मुका कसा?

बरोबर आहे, 'आलम आरा' मुंबईत १४ मार्च १९३१ ला लागला आणि १९३२ मध्ये 'अयोध्येचा राजा' हा पहिला मराठी बोलपट आला. चीनमध्येही पहिला बोलपट १९३१ चाच. पण तिथे मूकपट बरीच वर्षं बरोबरीने चालत राहिला. ध्वनियंत्रणा महाग होती, ती बसवलेली थिएटरं थोडी होती, आणि भाषेचा घोळ मोठा होता. शांघायची बोली वेगळी, कँटनची वेगळी, सरकारमान्य मँडरिन तिसरीच. पडद्यावर मधूनमधून येणाऱ्या संवादांच्या पाट्या मात्र सगळीकडे वाचता येत, कारण लिपी एकच. बोललं की प्रेक्षक तुटतो आणि लिहिलं की सगळे आपले, असा तो हिशोब होता. ल्यान्हुआने तो बराच काळ धरून ठेवला.

याचा एक फायदा असा झाला की तोवर मूकपटाची कला पिकलेली होती. हातवारे आणि डोळे फिरवणं मागे पडलं होतं. १९१५ च्या मूकपटाची कल्पना डोक्यात ठेवून हा पाहायला बसलात तर चकित व्हाल.

५. मी कधीच मूकपट पाहिला नाही. झोप तर येणार नाही ना?

पहिली दहा मिनिटं मोबाइल लांब ठेवा, बस. मूकपट कानाला काही देत नाही, त्यामुळे भाजी निवडत पाहता येत नाही. नजर हलली की दुवा सुटतो. दहा मिनिटांनंतर डोळ्यांना सवय होते.

६. नेटवर एक प्रत सव्वा तासाची आहे, दुसरी जवळजवळ दीड तासाची. लांबीत काही कापलं आहे का?

बहुतेक वेळा कापलेलं नसतं, वेग वेगळा असतो. मूकपटाची फिल्म सेकंदाला किती चौकटींनी फिरवायची हे आजच्यासारखं पक्कं नव्हतं. तीच फिल्म जरा जलद फिरवली की सिनेमा आखूड होतो आणि माणसं तुरुतुरु चालतात. हळू फिरवली की लांबतो. प्रिंट झिजून गेलेल्या चौकटींमुळेही थोडा फरक पडतो.

निवड असेल तर २०१४ मध्ये ब्रिटिश फिल्म इन्स्टिट्यूट आणि चायना फिल्म आर्काइव्ह यांनी दुरुस्त केलेली प्रत घ्या. तिला झोउ ये या चिनी संगीतकाराने नवं वाद्यवृंदाचं संगीत दिलं आहे. मला स्वतःला ते काही ठिकाणी जरा जास्त रडवं वाटतं आणि एखादी साधी पियानोची साथ बरी वाटते, पण हा चवीचा भाग झाला. चित्राच्या स्वच्छतेबद्दल मात्र वाद नाही. भिंतीवर टांगलेल्या दोन नक्षीदार चिपाओंचा, म्हणजे तिच्या धंद्याच्या पोशाखांचा, पोत जुन्या प्रतीत नुसता राखाडी डाग दिसतो.

७. नायिकेचं नाव श्रेयनामावलीत सापडत नाही. माझ्या प्रतीत पाटी गळली आहे का?

नाही, तिला नावच नाही. मुलाला हाक मारायला नाव आहे, तिला नाही. ती पाट्यांमध्ये फक्त 'ती' किंवा आई. तशी तर जुगाऱ्यालाही फक्त 'दादा', 'म्होरक्या' अशा अर्थाची बिरुदं आहेत.

८. रुआन लिंगयूचं एवढं कौतुक का? नेमकं काय पाहायचं?

तिची पाठ आणि तिचे हात पाहा. चेहरा तर सगळेच पाहतात.

एक प्रसंग सांगतो. धाडीतून पळून ती जुगाऱ्याच्या खोलीत शिरली आहे. पोलीस दारावरून परत गेले. आता तो आभाराची किंमत मागतो, आज रात्री इथेच राहायचं. ती क्षणभर गप्प उभी राहते. मग टेबलावर चढून बसते, पायावर पाय टाकते, सिगरेट मागते, पेटवते, धूर सोडते. इथे दुसरी कुठलीही नटी रडली असती किंवा थरथरली असती. हिच्या तोंडावर सकाळी दुकानाचं शटर वर करणाऱ्या माणसाचा कंटाळा आहे. एक संकट टळलं, दुसरं समोर बसलंय, चला, कामाला लागा. शब्द एक नाही, आणि तिचं अख्खं आयुष्य कळतं.

आता याच्या शेजारी दुसरा प्रसंग ठेवा. मुलगा शाळेतून येऊन आईला कवायत शिकवतो. तो गुरुजी, ती विद्यार्थिनी. ती त्याच्या मागोमाग हात वर-खाली करते, चुकते, हसते. टेबलावर बसलेलं ते अंग आणि हे अंग एकाच बाईचं आहे यावर विश्वास बसत नाही. रंगभूषा तीच आहे, खांदे बदलले आहेत.

रुआन तेव्हा २४ वर्षांची होती. सोळाव्या वर्षी सिनेमात आली. तिची आई लोकांच्या घरी मोलकरीण होती. रुआनने स्वतःही एक मुलगी दत्तक घेऊन वाढवली होती. अभिनय कुठून येतो याचं उत्तर चरित्रात शोधू नये हे मला मान्य आहे, तरी पोराला पांघरूण घालताना तिचा हात जसा थांबतो, तो कुणी शिकवलेला वाटत नाही.

९. 'समाजाविरुद्ध उभी राहिलेली स्त्री' म्हणून तुम्ही हा दाखवलात. पण ती तर मुकाट सोसते. बंड कुठे आहे?

हा प्रश्न सगळ्यात जास्त वेळा आला आणि बहुतेक वेळा तरुण मुलींकडून आला. राग समजण्यासारखा आहे. ती घोषणा देत नाही, कुणाला सुनावत नाही, संघटना काढत नाही.

पण सिनेमात समाज तिच्यावर उलटतो केव्हा ते बघा. ती रात्री रस्त्यावर उभी असते तेव्हा शहराला तिच्याशी काही घेणं नसतं. पोलीस अधूनमधून हाकलतात, गिऱ्हाइकं येतात, निऑनचे दिवे चमकत राहतात. वेश्या असणं ही शहराने तिला दिलेली जागा आहे आणि त्या जागेवर ती असेपर्यंत सगळं ठीक आहे. ती आपल्या मुलाला सभ्य माणसांच्या मुलांशेजारी बाकावर बसवते, फी भरते, स्नेहसंमेलनाला इतर आयांच्या रांगेत येऊन बसते. खुपतं ते हे. नियम तिने इथे मोडला.

तो स्नेहसंमेलनाचा प्रसंग पुन्हा पाहा. मुलगा मंचावर गाणं म्हणतो आहे, ती आनंदाने फुलून गेली आहे. रांगेत एक बाई शेजारणीच्या कानात काही सांगते, ती पुढचीला, ती पुढचीला. कॅमेरा त्या कुजबुजीबरोबर रांगेवरून सरकत जातो. मूकपट असल्यामुळे आपल्याला त्यातला एक शब्द ऐकू येत नाही, आणि ऐकू न येताही प्रत्येक शब्द कळतो. ज्या गावात, ज्या सोसायटीत आपण राहतो तिथे ही रांग आपण पाहिलेली असते. कधी त्या रांगेत बसलेलोही असतो.

खेळानंतर इथून गाडी हमखास शाळेच्या फॉर्मवरच्या वडिलांच्या रकान्याकडे वळते. महाराष्ट्रात १ मे २०२४ पासून जन्मलेल्यांच्या सरकारी कागदपत्रांवर आईचं नाव बंधनकारक झालं, आणि तेही वडिलांच्या नावाच्या आधी. एवढ्याचसाठी आपल्याला लागलेली वर्षं मोजली तर १९३४ च्या शांघायला नावं ठेवायला तोंड उरत नाही.

१०. मुख्याध्यापक म्हणजे पुन्हा 'भला पुरुष येऊन वाचवतो' हेच झालं ना?

अर्धं खरं. पालकांच्या तक्रारी आल्यावर तो घरी जाऊन चौकशी करतो. ती सगळं कबूल करते आणि विचारते की मी कशीही असले तरी माझ्या मुलाला चांगलं माणूस बनवायचा मला हक्क नाही का? त्याला पटतं. शाळेच्या संचालकांपुढे तो तिची बाजू मांडतो. तो प्रसंग जरा लांबतो, पाट्याही जास्त आहेत, आणि तिथे सिनेमा थोडा प्रवचनाला बसतो हे मी मान्य करतो. संपूर्ण सिनेमातला माझ्या मते हाच एक अशक्त भाग.

पण तो वाचवतो का? वाचवत नाही. तो हरतो. मुलाचं नाव काढलं जातं, तो राजीनामा देतो. शिकलेला, सज्जन, पदावर असलेला पुरुष पूर्ण ताकद लावतो आणि एका मुलाची शाळा वाचवू शकत नाही. हा भाग धरला तर भल्या पुरुषाची गोष्ट वेगळी दिसते. शेवटी तो काय करतो त्यासाठी प्रश्न ११ पाहा.

११. शेवट नीट कळला नाही. मुलाला 'आई मेली' असं का सांगायला लावते?

शाळेतून काढल्याची चिठ्ठी आल्यावर ती ठरवते की मुलाला घेऊन कुणी ओळखत नाही अशा गावी जायचं. विटेमागे हात घालते तर पैसे गेलेले. जुगाऱ्याने ते शोधून उडवले आहेत. ती त्याला गाठते, पैसे मागते, तो हसण्यावारी नेतो, मारहाण होते आणि ती बाटली त्याच्या डोक्यात घालते. तो मरतो. तिला १२ वर्षांची शिक्षा होते. मुख्याध्यापक तुरुंगात येऊन भेटतो आणि मुलाला मी सांभाळीन, शिकवीन असं सांगतो. तेव्हा ती म्हणते, त्याला सांगा तुझी आई मेली.

का, याचं सरळ उत्तर स्नेहसंमेलनाच्या रांगेत आहे (प्रश्न ९). आईचं असणं हीच मुलाच्या वाटेतली एकमेव धोंड, असं तिला शहराने पटवून दिलं आहे. मग ती स्वतःला पुसून टाकते. त्यानंतर कोठडीच्या भिंतीवर मुलाचा हसरा चेहरा उमटतो आणि तीही हसते. काही जणांना हा शेवट आशेचा वाटतो. मला त्या हसण्याची भीती वाटते.

१२. आपल्या 'माणूस'ची गोष्ट फार जुळते. शांतारामबापूंनी इथून उचलली का?

'माणूस' १९३९ चा, प्रभातचा. त्यातली मैना वेश्या, गणपत हवालदार तिच्या प्रेमात पडतो, पुढे तिच्या हातून नीच मामाचा खून होतो आणि ती पळून जायचं नाकारून शिक्षा पत्करते. खून, तुरुंग, आणि आपल्यामुळे दुसऱ्याच्या आयुष्याला डाग लागू नये ही धडपड, एवढं जुळतं खरं. पण हे उचलेगिरीचं लक्षण नाही. वेश्येबद्दल सहानुभूतीने बोलायचं आणि तरी तिला संसारात परत घ्यायचं नाही, ही अडचण तेव्हाच्या पुण्यातही होती आणि शांघायमध्येही. दोन्ही दिग्दर्शकांना तुरुंगाचंच दार सापडलं.

फरकही मोठा आहे. शांता हुबळीकरांच्या मैनेला 'कशाला उद्याची बात' म्हणता येतं. तिच्याजवळ थट्टा आहे, गाणं आहे. शांघायच्या आईला उद्याशिवाय दुसरं काही सुचतच नाही.

१३. मुलांना दाखवता येईल का? धंदा किती उघड दाखवला आहे?

डोळ्यांनी दिसण्यासारखं काहीही नाही. एका ठिकाणी फुटपाथवर फक्त पावलं दिसतात, तिची आणि एका पुरुषाची. पावलं थांबतात, मग बरोबर चालू लागतात. संपलं. सुरुवातीच्या नामावलीमागे मात्र एक उठावशिल्प आहे, हात बांधलेली विवस्त्र स्त्री बाळावर ओणवी झालेली. त्यावर घरात कुणी भुवया उंचावल्या तर नवल नाही. मारहाण आणि दहशत आहे. जुगाऱ्याच्या दोन पायांच्या कमानीतून जमिनीवर पोराला कवटाळून बसलेली आई दिसते ती चौकट जगभर गाजली आहे, आणि लहान मूल तिने घाबरू शकतं. बारा-तेरा वर्षांपुढच्यांना खुशाल दाखवा. प्रश्न विचारतील, त्याची तयारी ठेवा.

१४. या भूमिकेमुळे रुआन लिंगयूने जीव दिला, हे खरं आहे का?

नाही. ८ मार्च १९३५ ला, हा सिनेमा लागून तीन महिने झाले होते, तेव्हा तिने आयुष्य संपवलं. ती २४ वर्षांची होती. आधीच्या जोडीदाराने कोर्टात ओढलं होतं, खाजगी आयुष्य वर्तमानपत्रांनी चघळायला घेतलं होतं, आणि तिच्या 'न्यू विमेन' या पुढच्या सिनेमाने पत्रकारांनाच दुखावलं होतं. 'लोकांची जीभ फार भयंकर' अशा अर्थाचं वाक्य तिच्या चिठ्ठीतलं म्हणून प्रसिद्ध आहे. त्या चिठ्ठ्यांच्या खरेपणावर मात्र वाद आहेत. लेखक लू शुन यांनी त्याच वाक्यावर निबंध लिहून वर्तमानपत्रांना झोडपलं होतं.

मला या प्रश्नातला रोख आवडत नाही. बाईने अमुक भूमिका केली म्हणून तमुक झालं, ही पुन्हा तीच रांग. आपल्याकडे १९१३ साली फाळक्यांना तारामतीच्या भूमिकेसाठी एकही बाई मिळेना, शेवटी अण्णा साळुंके उभे राहिले, तेही याच रांगेच्या धाकाने. त्याच वर्षी 'मोहिनी भस्मासुर'मध्ये दुर्गाबाई कामत आणि त्यांची मुलगी कमलाबाई पडद्यावर आल्या, त्या धाकाला न जुमानता.

१५. मॅगी चंगचा सिनेमा म्हणजे याचाच रंगीत रिमेक ना?

नाही, दोन गोष्टींची गल्लत होते. स्टॅनली क्वान यांचा 'सेंटर स्टेज' (१९९१) हा रुआन लिंगयूच्या आयुष्यावरचा सिनेमा आहे. त्यात मॅगी चंगने रुआनची भूमिका केली आणि १९९२ मध्ये बर्लिनच्या चित्रपट महोत्सवात तिला सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचा पुरस्कार मिळाला. रिमेक वेगळा. तो खुद्द वू योंगगांग यांनीच १९३८ मध्ये बोलपट म्हणून केला, हू दिए या तेव्हाच्या मोठ्या नटीला घेऊन. आवाज मिळाला, पण जगाने लक्षात ठेवला तो मुका.

१६. आमच्या गावात खेळ लावायचा आहे. चिनी आणि इंग्रजी पाट्या लोकांना कशा कळतील?

एक वाचणारा बसवा. मूकपटाच्या काळात आपल्याकडे पाट्या तीन-चार भाषांत असत, तरी न वाचता येणाऱ्यांसाठी कुणीतरी मोठ्याने वाचायचं. तीच जुनी युक्ती आजही चालते. आधी सिनेमा दोनदा पाहून पाट्यांचं मराठी कागदावर लिहून काढा, क्रमांक घाला. वाचणाऱ्याला पडद्याच्या बाजूला, मागे नको, छोट्या दिव्यासह बसवा. आवाज सपाट ठेवायला सांगा. आमच्याकडे पहिल्या खेळाला एका हौशी नटाने जुगाऱ्याच्या पाट्या गडगडाट करून वाचल्या आणि गंभीर प्रसंगी हॉल हसला. दुसऱ्या वेळी शाळेत शिकवणाऱ्या एका बाईंनी हजेरी घ्यावी तसं वाचलं. 'त्याला सांगा, तुझी आई मेली' ही पाटी आली तेव्हा त्या थांबल्या, आणि ती त्यांनी वाचलीच नाही. कुणी विचारलंही नाही काय लिहिलं होतं म्हणून.